एस.टी.चे परमिट आणि 1951 सालची घटनादुरुस्ती

वैशाख पौर्णिमेला गावच्या बुद्धविहारात हजर राहायचे म्हणून मुंबईतील आपली माणसे मे महिन्यात रत्नागिरी जिल्ह्यात येतात. एस.टी.चे आरक्षण संपले की खासगी बसवाल्याच्या दारात उभे राहायचे, तो सांगेल ते भाडे मोजायचे आणि हायवेवर उतरून बोचकी डोक्यावर घेऊन वाडी गाठायची. आम्हीही हे भोगले आहे. ज्याची गाडी त्याचे भाडे, त्यात कायदा कुठला, असे घरातली मंडळी म्हणतात.

बंधू-भगिनींनो, कायदा आहे आणि तो आपल्या फार जवळचा आहे.

राज्यघटना लागू होताच उत्तर प्रदेशातील बसमालक कोर्टात गेले. सरकार स्वतःच्या गाड्या चालवून आमचा धंद्याचा मूलभूत हक्क हिरावून घेते, ही त्यांची तक्रार अलाहाबाद हायकोर्टाने उचलून धरली. तिकडे मद्रास राज्यातील कॉलेज प्रवेशाच्या जातवार जागा सुप्रीम कोर्टाने एप्रिल 1951 मध्ये रद्द केल्या. दोन्हींवर उतारा एकच निघाला. परमपूज्य बाबासाहेब कायदेमंत्री असताना जून 1951 मध्ये पहिली घटनादुरुस्ती झाली. तिने कलम 15 मध्ये मागासवर्ग व अनुसूचित जाती-जमातींसाठी खास तरतुदीची वाट मोकळी केली आणि कलम 19 मध्ये एखादी सेवा खासगी धंदेवाल्यांना वगळून सरकारला चालवण्याची मुभा दिली. आपल्या मुलीची कॉलेजातली जागा आणि ती ज्या लाल गाडीने कॉलेजला जाते ती गाडी, दोघींची पाठराखण एकाच दुरुस्तीने केली!

तरीही 1954 मध्ये बुलंदशहर-दिल्ली रस्त्यावरचे बसमालक सुप्रीम कोर्टात जिंकले, कारण उत्तर प्रदेशचा कायदा दुरुस्तीच्या आधीचा होता. मग 1956 मध्ये मोटार कायद्यातच तरतूद झाली : आधी योजना प्रसिद्ध करा, हरकती ऐका, मगच मार्ग ताब्यात घ्या. हे आम्हांस रास्त वाटते. सरकार झाले म्हणून ऐकून न घेता कुणाची रोजी काढू नये.

आज खासगी आराम बस बहुधा कंत्राटी परमिटवर धावते. वाटेत थांब्याथांब्यावर सुटे उतारू भरण्याचे परमिट वेगळे, ते तिच्याकडे नसते. तिच्या भाड्याला मात्र धरबंध नव्हता. सहयोग ट्रस्टने मुंबई हायकोर्टात जनहित याचिका लढवली, तेव्हा 27 एप्रिल 2018 रोजी शासनाने मर्यादा घातली : तशाच एस.टी. गाडीच्या भाड्याच्या दीडपट, त्याहून जास्त नाही. म्हणजे एस.टी.ला 600 रुपये पडत असतील तर खासगीला 900 पर्यंत. महिलांना 2023 पासून एस.टी.त अर्धे तिकीट आहे, ते खासगीत कोण देणार?

जास्त घेतले तर परिवहन कार्यालयात लेखी तक्रार करता येते. तिला तिकीट, तारीख आणि गाडीचा नंबर जोडावा. आम्हांला मागे एकदा तिकीट म्हणून नुसते चिठोरे मिळाले होते, त्यावर आकडा होता, नंबर नव्हता. आता आम्ही गाडीत चढण्याआधी नंबर लिहून घेतो.