मृग लागतो तेव्हा

अमरावती-अकोल्याकडे ७-८ जूनच्या सुमारास ‘मृग लागला’ असे म्हणतात. त्या दिवसांत सूर्य त्याच नक्षत्रात असल्याने मृगाचे तारे रात्री दिसतच नाहीत. म्हणजे ‘मृग’ हा शब्द येथे ताऱ्यांचा नव्हे, पेरणीच्या काळाचा वाचक झाला आहे. या अर्थांतराला मी अंधश्रद्धा म्हणणार नाही. अयनचलनामुळे ही तारीख सुमारे ७० वर्षांत एक दिवस पुढे सरकते, इतकेच. पंचांगातील नक्षत्राच्या वाहनाची गोष्ट मात्र निराळी. यंदा वाहन बेडूक, तेव्हा पाऊस भरपूर, या भरवशावर कपाशीची धूळपेरणी केली आणि पावसाने दडी मारली, तर दुबार पेरणीचा खर्च शेतकऱ्याच्याच माथी येतो; बेडकाचे काय जाते!