साक्षीदार आहेत तोवर

संतचरित्रावरचा माहितीपट करायचे काम हाती आले की आपली पहिली धाव समाधिमंदिराकडे असते. ड्रोनमधून कळस, काकड आरती, मागे बासरी आणि वर भारदस्त निवेदन. चरित्रनायक जन्मापासून समाधीपर्यंत कुठेच अडखळत नाही, कुणाशी भांडत नाही. श्रद्धा दिसते, माणूस दिसत नाही.

म्हणून माहितीपटकार मार्टिन डोब्लमायर यांची कारकीर्द आपल्यापैकी प्रत्येकाने मन लावून अभ्यासावी. अमेरिकेतल्या व्हर्जिनियात ‘जर्नी फिल्म्स’ ही संस्था काढून गेली चार दशके ते धर्म याच विषयावर काम करत आहेत. बॉनहॉफर (२००३), नीबुर (२०१७), हॉवर्ड थर्मन (२०१९), डोरोथी डे (२०२०), हेशल (२०२१) ही माहितीपटांसाठीची त्यांची चरित्रनायकांची निवडच बोलकी आहे. ज्यू धर्मगुरू हेशल १९६५ साली सेल्माच्या नागरी हक्क मोर्चात मार्टिन ल्यूथर किंग यांच्यासोबत पहिल्या रांगेत चालले. कृष्णवर्णीय अमेरिकी धर्मगुरू थर्मन १९३६ साली बारडोलीला येऊन गांधीजींना भेटले. श्रद्धेपायी घराबाहेर पडलेली, किंमत मोजलेली ही माणसे.

त्यातला बॉनहॉफर मला सर्वांत मोलाचा वाटतो. शांततावादाकडे ओढा असलेला हा जर्मन पाद्री हिटलरला मारण्याच्या कटात सामील झाला आणि ९ एप्रिल १९४५ रोजी फ्लोसेनबुर्गच्या छळछावणीत फासावर गेला. नुसती हुतात्म्याची आरती ओवाळणे सहज जमले असते. पण पाद्र्याने हत्येच्या कटात पडावे का, हा प्रश्न टाळून हे चरित्र सांगताच येत नाही. पडद्यावर त्याचे विद्यार्थी आणि नातलग बोलतात, पत्रांना क्लाउस मारिया ब्रँडाउअर यांचा आवाज आहे. गेस्टापोने १९३७ साली बंद पाडलेल्या फिंकेनवाल्डेच्या पाठशाळेत शिकलेली मुले तोवर ऐंशीच्या पुढे गेली होती. आणखी दहा वर्षे थांबले असते, तर कॅमेऱ्यासमोर बसायला कोण उरले असते?

अमेरिकेतल्या कॅथलिक कार्यकर्त्या डोरोथी डे यांच्या बाबतीत पेच वेगळा. त्यांना संतपद देण्याची प्रक्रिया चर्चमध्ये चालू आहे, आणि तरुणपणी त्यांनी गर्भपातही केला होता. असा भाग कापला तर भक्त सुखावतील. पण त्या देवाकडे का वळल्या, हे मग प्रेक्षकाला कळणारच नाही.

आपल्याकडेही साक्षीदार सरत चालले आहेत. गाडगेबाबांना जाऊन (२० डिसेंबर १९५६) सुमारे सत्तर वर्षे लोटली. त्यांचे कीर्तन जाणत्या वयात ऐकलेली माणसे आज ऐंशीच्या घरात आहेत. तुकडोजी महाराज १९६८ साली गेले. त्यांचे सोबती अजून थोडेफार भेटतील. अनुदानाची वाट पाहू नका. मोबाइल आणि कॉलरचा माइक घेऊन निघा. चमत्कार विचारू नका. बाबा किंवा महाराज कशाने चिडत, पाया पडायला आलेल्याला काय म्हणत, तुमच्या घरात त्यांचे कोणते बोलणे कुणाला झोंबले, हे विचारा. उत्तर लांबले तरी रेकॉर्डिंग थांबवू नका, आणि मूळ फाइल्स दोन ठिकाणी ठेवा.

अशी ध्वनिमुद्रणे कुणाकडे आधीच असतील तर आम्हाला कळवा. व्यक्ती, गाव आणि वर्ष यांची नोंद आम्ही पुढच्या अंकापासून छापत जाऊ.