‘संकलन नेटके, ध्वनी सुस्पष्ट’

चित्रपट परीक्षणाच्या अखेरच्या परिच्छेदात एक ठरीव वाक्य असते : ‘संकलन नेटके, ध्वनी सुस्पष्ट.’ प्रस्तुत लेखकानेही ते असंख्य वेळा लिहिले आहे. लिहिताना संकलकाने नेमके काय केले, याचा विचार मात्र क्वचितच केला. वॉल्टर मर्च या अमेरिकन संकलकाचे आणि ध्वनिरचनाकाराचे काम पाहिले, की त्या वाक्याची लाज वाटू लागते.

‘द गॉडफादर’ (१९७२) मधील उपाहारगृहाचा प्रसंग आठवावा. मायकेल समोरच्या दोघांना ठार करणार आहे. खिशात पिस्तूल आहे, चेहरा जवळजवळ निर्विकार. दुसरा कोणी असता तर येथे वाद्यवृंदाचा कल्लोळ उठवला असता. मर्च यांनी गोळ्या झाडून होईपर्यंत संगीत रोखून धरले आणि जवळून जाणाऱ्या आगगाडीचा कर्कश खडखडाट वाढवत नेला. गाडी पडद्यावर दिसतसुद्धा नाही. तो खडखडाट मायकेलच्या मनातला आहे, हे प्रेक्षकाला कोणी सांगावे लागत नाही.

व्हिएतनाम युद्धावरील ‘अपोकॅलिप्स नाऊ’ (१९७९) साठी सुमारे २३० तासांचे चित्रण झाले होते. त्यातून अडीच तासांचा चित्रपट काढायचा होता. पुढे मर्च यांनी हिशेब मांडला, तेव्हा दर संकलकामागे दिवसाला सरासरी १.४७ जोड भरले! उरलेला वेळ जोडून पाहण्यात, उसवण्यात आणि पुन्हा जोडण्यात गेला. आपल्याकडे प्रदर्शनाची तारीख आधी ठरते आणि संकलकाच्या वाट्याला उरलेसुरले दिवस येतात. ‘अपोकॅलिप्स नाऊ’च्या ध्वनीसाठी मर्च यांना ऑस्कर मिळाले, ‘द इंग्लिश पेशंट’ (१९९६) साठी तर संकलन आणि ध्वनी अशी दोन्ही.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये या दोन्ही विद्या स्वतंत्रपणे शिकवल्या जातात. तेथे शिकलेल्या रसूल पूकुट्टी यांना २००९ साली ‘स्लमडॉग मिलियनेअर’च्या ध्वनिमिश्रणाबद्दल ऑस्करचा मान मिळाला, तेव्हा अभिमानाचे रकाने भरले. त्यांनी त्या चित्रपटात केले काय, हे समजावून सांगण्याची तसदी आम्हा पत्रकारांपैकी कितीजणांनी घेतली? पुरस्कार परदेशातून आला म्हणून नाव तरी छापले गेले. परळच्या राजकमल कलामंदिरातील मंगेश देसाई यांचे नाव ‘शोले’च्या (१९७५) श्रेयनामावलीत ध्वनिमिश्रणासाठी आहे. गब्बरचे संवाद ज्या घरांत अजून मुखोद्गत आहेत, तेथे ते एकदा विचारून पाहावे.