नाही म्हणणारे गाणे

नवऱ्याने बायकोला 'माझे तुझ्यावर प्रेम आहे' असे दिवसातून किती वेळा सांगावे, याविषयी आपल्या शास्त्रकारांनी काही नियम घालून दिलेला नाही. त्यामुळे आपल्याकडच्या बहुतेक नवऱ्यांनी आपला आपणच नियम करून टाकला, की एकदाही सांगू नये. कचेरीतून येताना मोगऱ्याचा गजरा आणावा, तो मुकाट्याने टेबलावर ठेवावा आणि 'स्वस्त मिळाला म्हणून घेतला' असे पुटपुटून वर्तमानपत्रात डोके खुपसावे, ही आपली जुनी रीत. बायकोही तो गजरा माळता माळता 'कशाला उगीच पैसे घालवलेत?' असे विचारते. दोघेही खोटे बोलत असतात आणि दोघांनाही ते पक्के ठाऊक असते.

विलायतेत असे काही नसते, तिकडे उठता-बसता प्रेमाची कबुली देतात, असा आपला एक समज आहे. परंतु मँचेस्टरकडच्या एका गवयाच्या घरी अगदी हीच तक्रार निघाली आणि त्या तक्रारीतून १९७५ साली जगभर वाजलेले एक गाणे जन्माला आले. एरवी या सदरात आपली आठवड्याची चार घटकांची भेट. दिवाळीचा अंक ऐसपैस असतो, फराळाचे ताटही समोर असते. तेव्हा आज त्या गाण्याची गोष्ट जरा निवांत सांगतो.

आपल्याकडे बँड म्हटला, की लाल कोटातली मंडळी आणि लग्नाची वरात डोळ्यांपुढे येते. हा बँड त्यातला नव्हे. टेन सीसी या नावाने चार दोस्त १९७२ पासून गाऊ-वाजवू लागले होते. एरिक स्ट्युअर्ट, ग्रॅहम गोल्डमन, केव्हिन गॉडली आणि लोल क्रीम. चौघेही गाणारे, चौघेही लिहिणारे. त्यातही दोन जोड्या होत्या. स्ट्युअर्ट आणि गोल्डमन हे चालीचे कारागीर. गोल्डमनने तर विशीतच यार्डबर्ड्स, हॉलीज अशा गाजलेल्या बँडना गाणी लिहून दिलेली. गॉडली आणि क्रीम हे चित्रकलेच्या शाळेतून आलेले. त्यांना सरळ वाटेने जाणे ठाऊकच नव्हते. एका जोडीने गाणे घडवावे आणि दुसरीने ते तिरके करावे, असा त्यांचा संसार चालला होता.

या मंडळींची आणखी एक मिरास होती. मँचेस्टरला लागून असलेल्या स्टॉकपोर्ट गावात 'स्ट्रॉबेरी' नावाचा ध्वनिमुद्रणाचा स्टुडिओ होता. बीटल्सच्या एका गाण्यावरून त्याचे नाव ठेवलेले. स्ट्युअर्ट आणि गोल्डमन त्यात भागीदार होते आणि स्ट्युअर्ट स्वतः यंत्रापुढे बसून ध्वनिमुद्रण करीत असे. घरची भट्टी असली म्हणजे हलवायाला पाक बिघडण्याची धास्ती राहात नाही. तासाच्या भाड्याचे घड्याळ डोक्यावर टिकटिकत नाही, ही गोष्ट लक्षात ठेवा. पुढे कामाला येईल.

तर स्ट्युअर्टच्या लग्नाला सात-आठ वर्षे झाली होती. बायको म्हणाली, की तुम्ही माझ्यावर प्रेम आहे असे फारसे म्हणत नाही. स्ट्युअर्टचे म्हणणे असे, की तेच तेच रोज म्हटले तर त्या शब्दांना काही अर्थ उरायचा नाही. नाणे फार हातांतून गेले की त्यावरचा छाप पुसतो, तसेच शब्दांचे. मग न म्हणता ते कसे म्हणावे, या विचारात त्याला युक्ती सुचली. गाण्यातला माणूस पहिल्यापासून शेवटपर्यंत एकच सांगत राहतो, की मी काही प्रेमात पडलेलो नाही. का नाही, याची तो कारणेही देतो. तिची तसबीर भिंतीवर का लावली, तर म्हणे भिंतीवरचा डाग झाकायला! आपला 'स्वस्त मिळाला म्हणून घेतला' हाच की तो. जितकी कारणे तो देतो, तितका तो उघडा पडत जातो. गोल्डमनने चालीला हात लावला आणि दोघांनी मिळून गाणे पुरे केले.

आता खरी गंमत. चौघांनी ते गाणे पहिल्यांदा मुद्रित केले ते बोसा नोव्हा या ब्राझीलच्या झुलत्या ठेक्यावर. ऐकून पाहिले, तर गॉडलीला ते मुळीच आवडले नाही. त्याने आडपडदा न ठेवता गाणे टाकाऊ असल्याचे सांगून टाकले. स्ट्युअर्टने विचारले, काही सुधारणा सुचव. गॉडलीजवळ सुधारणाही नव्हती. चौघांचे एकमत झाल्याखेरीज पुढे जायचे नाही, असा रिवाज. गाणे बाद झाले. नुसते बाद नव्हे, फीतही पुसून टाकण्यात आली. ज्या गाण्यात माणूस प्रेमाला नाही म्हणतो, त्या गाण्यालाच त्याच्या घरच्यांनी नाही म्हटले.

परंतु चाल मोठी चिवट असते. फीत पुसता येते. कानात बसलेली चाल कशी पुसणार? स्टुडिओच्या कचेरीत काम करणारी मंडळी टंकलेखन करता करता, फायली लावता लावता तीच चाल गुणगुणताहेत, असे स्ट्युअर्टच्या ध्यानात आले. त्यांना कोणी अभिप्राय विचारला नव्हता. म्हणूनच तो खरा होता. त्याने पुन्हा तिघांपुढे विषय काढला. गॉडलीचा विरोध कायमच होता. परंतु या वेळी तो एक वाक्य बोलून गेला. हे गाणे करायचेच असेल तर वाद्ये काढून टाका आणि सगळे आवाजांवर करा. आवाजांची भिंत उभी करा.

बोलायला सोपे. चार माणसांनी भिंत कशी उभी करायची? त्यावर लोल क्रीमने तोड काढली. फितीचे कडे करावे. म्हणजे असे, की एक सूर फितीवर घ्यायचा, फितीची दोन टोके एकमेकांना चिकटवायची, म्हणजे ते कडे यंत्रातून फिरत राहते आणि सूर कधी संपतच नाही. गवयाला दम घ्यावा लागतो, फितीला लागत नाही.

मग काम सुरू झाले. गॉडली, क्रीम आणि गोल्डमन यांनी ध्वनिक्षेपकाभोवती उभे राहून एकच सूर 'आ' असा लांबवायचा. एकदा नव्हे, सोळा वेळा. कारण यंत्रावर सोळा पट्ट्या होत्या. तीन गळे सोळा वेळा म्हणजे अठ्ठेचाळीस आवाज. हा झाला एक सूर. मग त्याच्या शेजारचा अर्धा सूर चढून पुन्हा सोळा वेळा. असे तेरा सूर. स्ट्युअर्टच्या हिशेबाने ६२४ आवाज भरले. तीन आठवडे तिघेजण नुसता 'आ' लावत होते. पहाटे उठून खर्ज लावणारे आपले गवईबुवाही या चिकाटीला दाद देतील.

फीत जिथे चिकटवली, तिथे यंत्रातून जाताना बारीकसा 'टक्' होई. तो वरचेवर येऊ नये म्हणून कडे लांब करावे लागले, सुमारे बारा फुटांचे. एवढे कडे यंत्रात मावेना, तेव्हा ध्वनिक्षेपकाच्या उभ्या दांडीला फिरकी बसवून फीत तिच्यावरून फिरवली. विहिरीवरचा रहाट पाहिला असेल, त्यांना चित्र सहज कळेल.

आता सोळा पट्ट्यांपैकी बहुतेक पट्ट्यांवर एकेक सूर अखंड घुमतो आहे. गायक गप्प आणि यंत्र गाते आहे. प्रत्येक सुराला वर-खाली सरकणारी एकेक खुंटी. चौघे त्या खुंट्यांवर बोटे ठेवून ओळीने बसले आणि गाण्याच्या ओघात ज्या सुरांची गरज पडेल ते वर चढवू लागले, बाकीचे उतरवू लागले. मिश्रणाचे यंत्रच पेटीसारखे वाजवले म्हणा ना! त्यातही एक बारकावा केला. खुंट्यांच्या तळाशी चिकटपट्टी लावून ठेवली, म्हणजे कोणताही सूर पुरता बंद होऊ नये. सगळे सूर मागे सतत धुक्यासारखे राहतात. तानपुऱ्याची सवय असलेल्या आपल्या कानाला ते विशेष जाणवते. सोबतीला वाद्ये फार थोडी. ढोलाच्या जागी मूग नावाच्या विद्युत्-वाद्यातून काढलेला मंद ठोका, छातीत पडावा तसा. त्यावर स्ट्युअर्टचा एकटा, थकल्यासारखा आवाज.

एवढे होऊनही मध्यावर काहीतरी उणे वाटत होते. तिथे कुणीतरी कानात कुजबुजावे, अशी कल्पना निघाली. पण कुणी? तेवढ्यात स्टुडिओची स्वागतिका दार किलकिले करून आत डोकावली आणि काम मोडू नये म्हणून अगदी हलक्या आवाजात स्ट्युअर्टला म्हणाली, की आपल्याला दूरध्वनी आला आहे. क्रीम उडालाच. हाच तो आवाज! ती बिचारी नको नको म्हणत होती. मी काही गाणारी नव्हे, असे तिचे म्हणणे. गाणारी नव्हती म्हणूनच ती हवी होती. एखाद्या पोराची समजूत घालावी तसे दोन-चार शब्द तिच्याकडून कुजबुजत बोलवून घेतले आणि गाण्याला पाझर फुटला.

'द ओरिजिनल साउंडट्रॅक' ही मोठी तबकडी मार्च १९७५ मध्ये निघाली. त्यातले हे गाणे सहा मिनिटांचे. रेडिओवरचे गाणे त्या वेळी तीन-चार मिनिटांत आटोपत असे. एवढे लांबलचक गाणे कोण वाजवणार, म्हणून सुट्या तबकडीसाठी आधी दुसरेच गाणे निवडले गेले. म्हणजे नाही म्हणण्याची पाळी आता व्यवहाराची होती. शेवटी मे महिन्यात हे गाणे सुटे निघाले आणि जूनच्या अखेरीस ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर जाऊन दोन आठवडे टिकले. अमेरिकेत ते दुसऱ्या क्रमांकापर्यंत पोचले आणि तीन आठवडे तिथेच राहिले.

गोष्ट इथे गोड संपते. परंतु मला खरे सांगायचे आहे ते याच्या पुढचे. गाण्यावर लेखक म्हणून नावे आहेत ती स्ट्युअर्ट आणि गोल्डमन यांची. ते न्यायाचेच आहे. शब्द आणि चाल त्यांची. गीताचा हक्क शब्दांना आणि चालीला मिळतो. परंतु ते गाणे आज ज्यामुळे ओळखू येते, ते आवाजांचे धुके गॉडलीला सुचले आणि क्रीमने शक्य केले. त्याला लेखन म्हणत नाहीत. आपल्याकडे तरी काय वेगळे झाले? मुंबईच्या हिंदी चित्रपटसंगीतात सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस अशा गोमंतकीय वादक-संयोजकांनी कितीएक गाण्यांना अंगावरचे कपडे चढवले. तबकडीवर मोठ्या अक्षरांत नावे आली ती संगीत-दिग्दर्शकांची आणि गायकांची. आणि कचेरीत गुणगुणणाऱ्या त्या मंडळींचे काय? ती नसती तर पुसलेली फीत पुसलेलीच राहिली असती. त्यांचा वाटा कोणत्या वहीत मांडायचा?

१९७६ मध्ये गॉडली आणि क्रीम बँड सोडून गेले. कारण हे गाणे नव्हते. गिटारवर बसवायचे एक नवे उपकरण त्यांनी काढले होते आणि त्याचा नाद त्यांना लागला होता. पुढे दोघांनी इतर गायकांच्या चित्रफिती दिग्दर्शित करून नाव कमावले. मागे राहिलेल्या दोघांनी चांगली गाणी केली, लोकांना आवडलीही. परंतु मांडीला मांडी लावून बसणारा आणि तोंडावर 'हे टाकाऊ आहे' म्हणणारा तो जोडीदार आता नव्हता. स्ट्रॉबेरी स्टुडिओही १९९३ मध्ये बंद झाला.

मला या गोष्टीतला सर्वांत मोठा माणूस वाटतो तो गॉडली. आवडत नसलेल्या गाण्याला त्याने खोटी मान डोलावली असती, तर ब्राझीलच्या ठेक्यावरचे एक बरे गाणे निघाले असते आणि विसरले गेले असते. आणि नाही म्हणून तो उठून गेला असता, तर तेही निघाले नसते. तो नाही म्हणाला, आणि मग त्याच नावडत्या गाण्यासाठी तीन आठवडे उभा राहून 'आ' लावत राहिला. प्रेम आहे असे तोंडाने सांगणारे पुष्कळ भेटतात. नाही म्हणत म्हणत सोळा-सोळा वेळा सूर लावणारा एखादाच. तुमच्या घरी तसा कोणी असेल तर या दिवाळीत त्याच्याकडून कबुली मागू नका. गजरा स्वस्त मिळाला होता, यावर बिनदिक्कत विश्वास ठेवा.