गाणारी चालते, चाल बांधणारी?

बाईने गायलेलं आपल्या समाजाला चालतं. पण चाल तिने बांधली, वादकांना तिने सूचना दिल्या, थोडक्यात हुकमत तिची आली, की कपाळाला आठ्या पडतात. बॉम्बे टॉकीजच्या ‘जवानी की हवा’ला (१९३५) संगीत देणाऱ्या खुर्शीद होमजींना पारशी समाजाच्या विरोधामुळे ‘सरस्वती देवी’ व्हावं लागलं. ‘साधी माणसं’ला (१९६५) ‘आनंदघन’ यांचं संगीत होतं. आनंदघन म्हणजे लता मंगेशकर! कारणं निराळी असतील, पण दोन्हीकडे बाईचं खरं नाव पडद्याआडच राहिलं.

चाकोरीबाहेरच्या चित्रपटांनी थोडी वाट मोकळी केली. ‘गँग्ज ऑफ वासेपूर’साठी (२०१२) स्नेहा खानवलकर बिहारमध्ये हिंडल्या, तिथले आवाज आणले. मारधाडीच्या चित्रपटाचं संगीत बाईला जमायचं नाही, हे म्हणणं तिथेच निकालात निघालं.

पण कमी पैशांच्या चित्रपटांचा व्यवहार पाहा. एक ठोक रक्कम ठरते. स्टुडिओ, वादक, गायक, मिक्सिंग सगळं त्यातूनच भागवायचं. उरेल ती संगीतकाराची मजुरी. बरेचदा उरत नाहीच. मग सगळ्यांची जेवणं झाल्यावर रात्री घरच्या कॉम्प्युटरवर पार्श्वसंगीत रचायचं. वर ऐकायचं, ‘घरबसल्या होतं, बायकांना सोयीचं!’ पापड लाटणाऱ्यांनाही हेच सांगतात. चित्रपटगृहाबाहेरच्या वापराच्या रॉयल्टीतला संगीतकाराचा वाटा निर्मात्याला लिहून घेता येत नाही, असं २०१२ची कॉपीराइट दुरुस्ती सांगते. पण सगळं काम तोंडी बोलीवर झालं असेल, तर तो वाटा मागायचा कशाच्या आधारावर?

आता आपल्याच घरात डोकावू या. चळवळीच्या माहितीपटांत ओवी गाणाऱ्या बाईचा आवाज पार्श्वसंगीत म्हणून येतो आणि शेवटी पाटी येते: ‘संगीत – पारंपरिक’. परंपरेला नाव-गाव नसतं, मानधनही लागत नाही! हेमा राईरकर आणि गी पॉइत्वाँ यांच्या प्रकल्पात जात्यावरच्या लाखाहून अधिक ओव्या जमल्या, त्या गाणारणींच्या नावागावांसकट. त्यांना जमलं, मग चाळीस मिनिटांच्या फिल्ममध्ये आपल्याला का जमू नये? चाल पिढ्यांची असेल, पण कुठली ओवी निवडायची, हेल कुठे काढायचा, हे त्या बाईनेच ठरवलेलं असतं.

तेव्हा मैत्रिणींनो, पुढच्या फिल्मचं बजेट मांडाल तेव्हा कॅमेऱ्याच्या भाड्याखाली संगीताची वेगळी ओळ घाला. तिच्यापुढे आकडा लिहा, आणि चित्रीकरणाला निघण्याआधी गाणारणीला तो सांगा.