पुस्तक असते, पण सापडत नाही

समजा, इंदूरच्या एका मराठी घरात माळ्यावरच्या ट्रंकेत स्वयंपाकाचे जुने पुस्तक मिळाले. मुखपृष्ठ नाही, पहिली सोळा पाने गळालेली, शेवटची कसरीने खाल्लेली. ऐंशी ओलांडलेल्या सासूबाई सांगतात, हे लग्नात बडोद्याच्या माहेराहून आले होते. त्यातला एक पदार्थ त्यांना पुन्हा एकदा खायचा आहे आणि तो नेमका गेलेल्या पानांत आहे. पुस्तकाचे नाव? ‘लाल पुठ्ठ्याचे होते गं,’ एवढेच त्यांना आठवते.

सून वाचनालयात जाऊन विचारते, ‘स्वयंपाकाची जुनी पुस्तके आहेत का?’ खिडकीतला कर्मचारी दिवाळीच्या फराळाची चार नवी पुस्तके पुढे करतो. घरी मुलगा मोबाइलवर ‘जुनी मराठी पाककृती’ असे टाकतो, तर व्हिडिओंची रांग लागते. संध्याकाळी सगळ्यांचे एकमत होते की ते पुस्तक आता कुठेच मिळणार नाही.

असा निष्कर्ष पुष्कळदा घाईचा असतो. पुस्तक कुठल्या तरी कपाटात असते, पण आपण ज्या नावाने हाक मारतो ते त्याचे नाव नसते. ‘पाककृती’ हा शब्द आज आपल्या तोंडी बसला आहे. १८७५ साली निघालेल्या रामचंद्र सखाराम गुप्ते यांच्या पुस्तकाचे नाव मात्र ‘सूपशास्त्र’ आहे. हे वाचून कुणाला हॉटेलातले टोमॅटो सूप आठवले तर नवल नाही, पण संस्कृतात सूप म्हणजे वरण आणि सूपकार म्हणजे स्वयंपाकी. विसाव्या शतकाच्या आरंभीचे लक्ष्मीबाई धुरंधर यांचे पुस्तक ‘गृहिणीमित्र’ या नावाने ओळखले जाते. या दोन्ही नावांत ना ‘स्वयंपाक’ आहे ना ‘पाककृती’. तेव्हा शोधाला निघण्यापूर्वी कागदावर चार-पाच शब्द लिहून घ्यावेत. पाकशास्त्र, पाकक्रिया, सूपशास्त्र, गृहिणी, गृहशास्त्र. त्या काळचे लोक या गोष्टीला काय म्हणत असतील, असा विचार केला की शब्द सुचतात. घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारले तर आणखी सुचतात.

शब्द बरोबर असला तरी शुद्धलेखन आडवे येते. १९६२ साली मराठी लेखनाचे नवे नियम आले. त्यापूर्वी ‘पाककृति’ ऱ्हस्व लिहीत, आता दीर्घ लिहितात. ‘नाहीं’, ‘कांहीं’ यांवरचे अनुस्वार गेले. माणसाला हा फरक खटकत नाही, पण संगणक अक्षराला अक्षर लावून पाहतो. एका वेलांटीपायी तो ‘काही सापडले नाही’ असे बेधडक सांगून मोकळा होतो. म्हणून जुन्या पुस्तकाचे नाव दोन्ही तऱ्हांनी टाकून पाहावे.

वाचनालयाच्या तालिकेत लेखक आडनावाने लावलेले असतात: गुप्ते, रामचंद्र सखाराम. टोपणनाव असेल तर ‘कुसुमाग्रज’ आणि ‘शिरवाडकर’ अशी दोन्ही कार्डे पाहावीत. ‘क्ष’ आणि ‘ज्ञ’ कुठे ‘क’ आणि ‘ज’मध्ये असतात, कुठे अगदी शेवटी. पण सर्वांत उपयोगी पडतो तो वर्गांक. ड्युई यांची दशांश वर्गीकरण पद्धत १८७६ सालची. तीत पाकशास्त्राचा आकडा ६४१.५ आहे. ही पद्धत पाळणाऱ्या ग्रंथालयात एक पुस्तक हाती लागले की त्याचे भाऊबंद त्याच आकड्याखाली शेजारी बसलेले असतात, मग त्यांची नावे काही का असेनात. पुष्कळ वाचनालये आपापल्या विषयवारीने आणि दाखल क्रमांकाने पुस्तके लावतात. तिथे ‘या विषयाची नोंदवही दाखवता का?’ असे सरळ विचारावे.

ग्रंथपालाला विचारण्यात पुष्कळांना कमीपणा वाटतो, हे काही खरे नाही. एस. आर. रंगनाथन हे मुळात गणिताचे प्राध्यापक. १९२४ मध्ये ते मद्रास विद्यापीठाचे ग्रंथपाल झाले आणि १९३१ मध्ये त्यांनी ग्रंथालयाचे पाच नियम मांडले. त्यातला चौथा, वाचकाचा वेळ वाचवा. पण त्यासाठी वाचकानेही हातचे राखून बोलू नये. ‘जुनी पुस्तके आहेत का’ याऐवजी सुनेने असे सांगावे: ‘मराठी, स्वातंत्र्यापूर्वीचे, बडोद्याकडचे असावे, ही त्याची उरलेली पाने.’ उरलेल्या पानांच्या माथ्यावर कधी कधी पुस्तकाचे नावच छापलेले असते आणि ते घरात कुणी पाहिलेलेच नसते!

असे जुने पुस्तक हुडकायला शंकर गणेश दाते यांच्या ‘मराठी ग्रंथसूची’सारखे साधन नाही. १८०० ते १९५० या काळातील मराठी पुस्तकांच्या नोंदी तिच्या दोन भागांत विषयवार आहेत. मोठ्या ग्रंथालयात ती संदर्भ विभागात मिळते. नाव तिथे कळले की निम्मे काम झाले. नंतरच्या काळासाठी १९५४चा कायदा आहे. त्याप्रमाणे प्रकाशकाने पुस्तकाची प्रत कोलकात्याचे राष्ट्रीय ग्रंथालय आणि मुंबई, चेन्नई, दिल्ली येथील एकेक ग्रंथालय यांना पाठवायची असते. सगळे प्रकाशक पाठवतात असे नाही. बडोद्याचे म्हणाल तर सयाजीराव महाराजांनी १९१० साली अमेरिकेतून बॉर्डन नावाचे ग्रंथपाल आणून राज्यभर ग्रंथालये उभारली. तिथल्या मध्यवर्ती ग्रंथालयाला एक पत्र टाकायला काय हरकत आहे?

आता मुलाच्या मोबाइलकडे वळू. साध्या शोधापेक्षा खरगपूरच्या आयआयटीने उभारलेले राष्ट्रीय डिजिटल ग्रंथालय किंवा इंटरनेट अर्काइव्ह यांच्या आत शिरून शोधावे. राष्ट्रीय डिजिटल ग्रंथालयात भाषा मराठी निवडली की गर्दी बरीच कमी होते. अर्काइव्हवरच्या जुन्या भारतीय पुस्तकांची नावे मात्र अनेकदा विचित्र रोमन लिपीत आहेत. ‘आ’साठी दोनदा ए, ‘ई’साठी दोनदा आय. देवनागरीत मिळाले नाही तर तसे लिहून पाहावे, मग नुसते आडनाव टाकावे. पुष्कळ पुस्तकांची पाने केवळ छायाचित्रे असतात किंवा यंत्राने अक्षरे चुकीची वाचलेली असतात, म्हणून आतल्या पदार्थाच्या नावाने शोधण्यावर विसंबू नये. पुस्तक शोधावे, उघडावे आणि अनुक्रमणिका डोळ्यांनी वाचावी. लेखकाच्या निधनानंतर साठ वर्षे स्वामित्वहक्क राहतो, तेव्हा अलीकडची पुस्तके तिथे न दिसणे स्वाभाविक आहे. ती वाचनालयातूनच आणावी लागतात.

पुस्तक सापडलेसे वाटले तर आपल्याकडचे एखादे पान त्याच्याशी ताडून पाहावे. पृष्ठांक जुळला नाही म्हणून लगेच सोडू नये. आवृत्ती बदलली की पाने पुढेमागे होतात, पदार्थांचा क्रम मात्र बहुधा तोच राहतो. क्रम जुळला तर अक्षरे मोठी करून सासूबाईंना अनुक्रमणिका वाचून दाखवावी. पदार्थाचे नाव त्याच ओळखतील.