तालुका झाला, गाव टिकेल काय?

दिवाळी उरकली की बालाघाटच्या डोंगरांतील वाड्या-तांड्यांवर मुकादमांच्या गाड्या येऊन उभ्या राहतात. उचल घेतलेले नवरा-बायको, म्हणजे कारखान्याच्या भाषेत एक 'कोयता', भांडीकुंडी आणि लेकरे घेऊन ऊसतोडीला निघतात. घराला पाच-सहा महिन्यांचे कुलूप लागते. मागे राहतात ती म्हातारी माणसे. जळकोटचा डोंगराळ भागही यास अपवाद नाही.

१९८२ साली लातूर जिल्हा स्वतंत्र झाला आणि १९९९ साली जळकोट तालुका झाला. कचेरी जवळ आली, लोकांचे हेलपाटे वाचले; त्याचे मोल कमी नाही. परंतु कचेरीने गाव टिकत नाही, ते टिकते कामधंद्याने. उतारावरची मुरमाड जमीन खरिपापलीकडे फारसे देत नाही, आणि पडलेला पाऊस वाहून जातो. अशा भागाचा विकास म्हणजे केवळ सडका, असे मानल्यास त्याच सडकेने माणसे बाहेर जातील.

मग या डोंगराचे स्वतःचे धन कोणते? जळकोटच्या दक्षिणेस देवणी आहे, उत्तरेस कंधार. या दोन गावांनी गोवंशाच्या दोन नामांकित जातींना आपली नावे दिली आहेत. देवणी दूध आणि ओढकाम दोन्हींस उपयोगी. लाल कंधारी काटक आणि मेहनती. हलक्या रानात हे गोधन शेतकऱ्याचा खरा आधार होते. ट्रॅक्टर आले, गायराने आकसली, आणि ते दावणीतून कमी होऊ लागले.

दक्षिण फ्रान्समधील डोंगराळ खेडीही शहरांच्या ओढीने ओस पडत गेली. त्याच मुलखात रोकफोर हे लहानसे गाव आहे. तेथील चीज मेंढीच्या दुधाचेच असावे आणि त्याच गावच्या गुहांत मुरलेले असावे, असे बंधन फ्रान्सने १९२५ साली कायद्याने घातले. चीजची कीर्ती जुनीच होती; कायद्याने तिचा लाभ त्या डोंगराशी बांधून ठेवला. 'तो देश श्रीमंत, तेथील ग्राहक निराळा', असा आक्षेप येईल. पण आपल्याच जिल्ह्यातील पानचिंचोलीची चिंच, बोरसुरीची तूरडाळ आणि कास्तीची कोथिंबीर यांना २०२४ साली भौगोलिक मानांकन मिळाले आहे. वाट अनोळखी नाही.

अर्थात नुसत्या मानांकनाने गोठा भरत नाही. गायरानांचे रक्षण, माथ्यापासून पाणी अडविण्याची कामे, चाऱ्याची तरतूद आणि देवणीच्या दुधाचे स्वतंत्र संकलन करून त्यास वेगळा भाव, ही कामे एकत्र झाली पाहिजेत. रोजगार हमीचा कायदा या राज्यात १९७७ पासून आहे. ती मजुरी दिवाळीनंतर याच डोंगरावर, वेळेवर मिळाली, तर मुकादमाची उचल नाकारण्याचे बळ कुटुंबाला येईल. तालुक्याची खरी कसोटी कचेरीच्या इमारतीत नाही. दिवाळीनंतर किती घरांची दारे उघडी राहतात, यात आहे.